डागवाले नाना

माझ्या एका पांढऱ्या ओढणीच्या कोपऱ्यात करंगळीएवढी एक मुलगी आहे. पाठीवर सॅक, एका पायातली चप्पल निसटलेली, आणि सुटलेल्या बसच्या मागे पळतेय. चेहरा दिसत नाही, कारण ती पाठमोरी आहे. बी.एड.साठी धुळ्याच्या हॉस्टेलवर आल्यापासून खोलीतल्या तिघींनी मला हा डाग काढायचे अनेक उपाय सांगितले. लिंबू झालं, मीठ झालं, टूथपेस्ट झाली. एकीच्या मावशीने फोनवरून आंबट ताक सुचवलं. मी दर वेळी म्हणते, "हा डाग नाही." "मग काय आहे?" असं विचारलं की मात्र गप्प बसते. ते सांगायचं तर सुकलाल नानांपासून सुरुवात करावी लागते, आणि तोपर्यंत मेस बंद होते.

आज रविवार आहे. मेस तशीही बंद आहे. म्हणून लिहून काढते.

आमचं गाव यावल तालुक्यात, केळीच्या पट्ट्यात. ज्यांनी केळी फक्त हातगाडीवर पाहिली आहेत त्यांच्यासाठी सांगते, केळीला कुठेही कापलं की पाण्यासारखा चीक गळतो. अंगावर उडाला तरी कळत नाही. संध्याकाळपर्यंत कापडावर पिवळट छटा येते, दुसऱ्या दिवशी ती तांबूस होते, आणि साबणाने धुऊन उन्हात घातलं की काळपट तपकिरी. मग तो डाग जात नाही. कापड विरतं, फाटतं, डाग राहतो. कटाईला जाणारा माणूस आमच्याकडे कपड्यांवरून लांबूनच ओळखू येतो.

नाना कटाईच्या टोळीत होते. मूळचे दोंडाईच्याकडचे, मिरचीच्या मुलखातले. पंचवीस वर्षांपूर्वी एका हंगामापुरते म्हणून आले आणि राहिले. पंचवीस वर्षांत त्यांनी आमची एकही गोष्ट उचलली नाही, बोलीसुद्धा नाही. आम्ही "मले" म्हणतो, ते मात्र "माले"च म्हणत राहिले. उद्याला ते "सकाय" म्हणत, आहे-ला "शे". खांद्यावर घड घेऊन वाफ्यातून ट्रकपर्यंत जायचं, घड ठेवायचा, परत यायचं, हे त्यांचं काम. बाकी वेळात ते पांढरी कापडं खराब करत. ही भाषा माझी नाही, त्यांच्या बायकोची, जिजाअक्कांची आहे.

अक्कांच्या म्हणण्याप्रमाणे त्यांच्या लग्नातलं धोतर, दोन चादरी, एक उशीचा अभ्रा आणि माहेरून आलेला टेबलक्लॉथ (घरात टेबल नव्हतं, तरी) नानांनी वाया घालवला. नाना केळीच्या खांबाचा तुकडा आणत, त्याला खाच पाडत, खाचेत लिंबाची काडी बुडवून कापडावर ओढत. काढताना काहीच दिसायचं नाही. ओल्या रेघा दोन मिनिटांत वाळून जायच्या आणि पुढची रेघ कुठून काढायची हे फक्त त्यांच्या बोटांना ठाऊक. मग ते काडी धुऊन वळचणीला खोचत आणि म्हणत, "सकाय उठी." म्हणजे उद्या उमटेल. आणि उमटायचं.

"सकाय उठी" हे त्यांचं सगळ्यावरचं उत्तर होतं. पुढाऱ्याने गावाला रस्ता कबूल केला, नाना म्हणाले, "सकाय उठी." बी.ए.च्या पहिल्या वर्षी माझा इंग्रजीचा पेपर राहिला, मी ओट्यावर रडत बसले होते, तेव्हाही हेच. रस्ता अजून उठलेला नाही. इंग्रजी उठलं.

त्यांची सगळी माणसं पाठमोरी असत. घड वाहणारे, ट्रकवर चढणारे, बांधावर भाकर खाणारे, सगळ्यांच्या पाठी. मी एकदा घाबरत घाबरत विचारलं, "नाना, तोंडं का नाही काढत?"

"घड खांदावर ऱ्हायना की माले पुढलानी पाठच दिसस. पंचवीस वरीस तेच दखं. तोंड दखाले पुढे पयनं पडी. पुढे पयनारा मानूस मी शे का?"

पुढे पळून तोंडं बघणारे नाना नव्हतेच, पण गावाला हे पटत नव्हतं. गावाला कलेची जाण आहे, दर वाढदिवसाला चौकात माणसाच्या तिप्पट आकाराचे चेहरे लागतात. सरपंच आबांच्या पन्नाशीला कार्यकर्त्यांना वाटलं, या वर्षी काहीतरी वेगळं करू. त्यांनी नानांना आबांचं चित्र काढायला सांगितलं. नानांनी आदल्या रात्री काढलं आणि सकाळी समारंभात घडी उलगडून दिलं. फिकट पिवळट कापड बघून आबा म्हणाले, "शाल पातळ आहे, पण भावना मोठी आहे," आणि खांद्यावर घेऊन दिवसभर मिरवले. तिसऱ्या दिवशी त्यांच्या सुनेने घडी करून ठेवलेली ती शाल धुतली. उन्हात आबा उठले. पाठमोरे, दोन्ही हात कमरेवर, सदरा मागून घामाने चिकटलेला, मानेवर तीन वळ्या. बघताक्षणी कोणीही सांगितलं असतं, हे आबा. आबांनी स्वतः मात्र ओळखलं नाही. त्यांनी आपली पाठ आयुष्यात पहिल्यांदाच बघितली होती. "हा कोण म्हशीसारखा?" असं त्यांनी विचारलं म्हणतात. तेव्हापासून नानांना गावात "डागवाला" हे नाव पडलं, आणि आबांनी भाषणात गर्दीकडे पाठ करणं सोडलं.

नानांना या नावाचं वाईट वाटत नसे. त्यांना वाईट वाटायचं ते अक्कांचं. अक्काही डागच म्हणत. नानांनी एकदा चिडून विचारलं, "तू तरी चित्र म्हन ना!" तेव्हा अक्कांनी लुगड्याला हात पुसत अट घातली होती, "शिक्का मारेल कागद आन. त्यावर लिखेल पाहिजे, हाई चित्र शे. मंग मी म्हनसू. तवलगून डाग."

अक्का शिकलेल्या नव्हत्या, पण जगात कशाला काय मानायचं हे कोण ठरवतं, हे त्यांना बरोबर कळलं होतं.

इथे मी येते. आमच्या गल्लीत दहावीच्या पुढे गेलेली मी पहिली. त्यामुळे रेशनकार्डातली नावं, जातीचे दाखले, गॅसची तक्रार, सगळे अर्ज माझ्याकडे. नाना एका संध्याकाळी दारात उभे राहिले. ते मला नावाने हाक मारत नसत. "ओ कॉलेज, कागद कोठे भेटस?"

मी शोधलं. जळगावात एक कलामंडळ दर वर्षी प्रदर्शन भरवतं. सभागृहात बसून दोन तासांत चित्र काढायचं, परीक्षक बघतात, निवडलेल्याला प्रमाणपत्र. अर्जात माध्यमाचे रकाने होते. तैलरंग, जलरंग, इतर. "इतर"समोर मी "केळीचा चीक" असं सुवाच्य अक्षरात लिहिलं. अर्ज घेणाऱ्या कारकुनाने ते वाचलं, माझ्याकडे पाहिलं, विचारलं, "चीक पाण्यासारखा असतो ना?" मी हो म्हटलं. त्यांनी ते खोडून "जलरंग"वर खूण केली. "असं सोपं करावं, ताई," ते म्हणाले.

अर्जाबद्दल नाना फुकट काही घेईनात. माझी नवीन ओढणी मागून घेतली, कोपऱ्यात दहा मिनिटं काहीतरी केलं आणि परत दिली. आईने दोन दिवसांनी ती धुतली आणि मला बोल बोल बोलली.

प्रदर्शनाच्या सकाळी आम्ही पहिल्या बसने निघालो. नानांच्या खांद्यावर तीन फुटी केळीचा खांब, ओल्या गोणपाटात गुंडाळलेला. कंडक्टरने विचारलं, "कोणाकडे पूजा आहे, नाना?"

"पूजा नही, परीक्षा शे."

"मग हा खांब?"

"हाऊ मन्हा पेन."

कंडक्टरने घंटी मारली. आमच्या मार्गावर तो सोळा वर्षं आहे, त्याला कशाचं नवल वाटत नाही.

सभागृहात चाळीसेक चित्रकार होते. रंगांचे डबे, पाण्याचे मग, गळ्यात अडकवलेले फडके. नाना कोपऱ्यात जमिनीवर मांडी घालून बसले, समोर धोतराचा पांढरा तुकडा ताणलेला. दोन तास त्यांनी मान वर केली नाही. बाजूचा मुलगा डोंगर, नदी आणि सूर्य रंगवत होता. तो मधून मधून नानांच्या कापडाकडे बघून माझ्याकडे सहानुभूतीने बघायचा.

परीक्षक मोठ्या शहरातून आले होते. चुरगळलेला महागडा कुर्ता, बारीक फ्रेमचा चष्मा. ते प्रत्येक चित्रापुढे अर्धं मिनिट थांबत आणि "हं" म्हणत. नानांच्या कापडापुढे ते थांबले आणि हललेच नाहीत. चीक वाळला होता. कापड कोरं होतं.

"हे," कलामंडळाच्या सचिवांकडे वळून परीक्षक म्हणाले, "हे बघा. इथे सगळे जागा भरत सुटले आहेत. आणि या माणसाने दोन तास बसून काहीही केलं नाही. ही शून्यता आहे. हे खानदेशचं ऊन आहे. कापडाला स्पर्श न करण्याचं हे धाडस मी राजधानीतही पाहिलेलं नाही."

सचिव वहीत लिहून घेत होते. एका फोटोग्राफरने कोऱ्या कापडाचे फोटो काढले, एकदा आडवा, एकदा उभा.

मला बोलायला हवं होतं. "सर, यावर चित्र आहे, उद्या दिसेल," इतकंच. वाक्य तोंडात तयार होतं. पण सर बोलत होते, आणि मोठी माणसं बोलताना मध्ये बोलायची मला सवय नाही. आमच्या घरात कोणालाच नाही.

नानांनी परीक्षकांकडे बघत माझी बाही ओढली. "त्या काय म्हनी ऱ्हायनात?"

"आवडलं म्हणतात."

"दिसनं त्यासले?"

मी म्हटलं, "हो."

परतीच्या बसमध्ये नाना खिडकीशी बसले होते. मग म्हणाले, "मोठा मानूस शे तो. माले सोताले दिसत नव्हतं आज. त्यासले दिसनं." मी बाहेर बघत राहिले. बाहेर केळीच होती.

प्रमाणपत्र तिसऱ्या दिवशी, समारोपाला मिळणार होतं. अक्कांनी पेटीतलं लुगडं काढलं. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी माझ्या फोनवर सचिवांचा आवाज आला, "ताई, ते तुमचे नाना. उद्या सकाळी लवकर या. गंभीर आहे." मला कळलं काय झालं ते. नानांना मी फक्त सांगितलं, लवकर बोलावलंय. नाना पहाटेच्या कटाईवरून तसेच आले, हातही नीट न धुता.

आम्हा तिघांना सभागृहात न नेता थेट कार्यालयात बसवलं. परीक्षक होते, सचिव होते, टेबलावर प्रमाणपत्र होतं. सोनेरी किनार, गोल निळा शिक्का. अक्कांची नजर शिक्क्यावरून हलेना.

"नाना," सचिव म्हणाले, "तुमच्या कलाकृतीत परीक्षणानंतर बदल झाला आहे. रात्री सभागृहात कोण आलं होतं?"

"कोनी नही. ते उठनं."

"काय उठलं?"

मग मी सांगितलं. सगळं सांगितलं, चीक, हवा, ऊन, साबण. परीक्षक चष्मा काढून ऐकत होते.

"म्हणजे परवा ते शून्य नव्हतं?"

"नाही सर. ओलं होतं."

परीक्षकांच्या शून्यतेचा फोटो त्या दिवशीच्या स्थानिक पेपरात छापून आला होता, तीन ओळींच्या अभिप्रायासह. पाच वाजता पाहुणे येणार होते. सचिव व्यवहारी माणूस होते. कोणावर राग नाही, आरडाओरड नाही, मार्ग काढणारे.

"असं करू," ते म्हणाले. "समोरच्या बाजारातून त्याच मापाचं एक पांढरं कापड आणा. ते लावू. हे तुम्ही घरी न्या. प्रमाणपत्र तयार आहे, नाव घातलेलं आहे. कोणाला काही फरक पडत नाही."

"चांगलं सांगी ऱ्हायनात त्या," अक्का सचिवांकडे बघत नानांना हळूच म्हणाल्या. "घी ल्या कागद. शिक्का खरा शे."

नानांनी प्रमाणपत्र हातात घेतलं. ते चौथीपर्यंत शिकलेले, अक्षराला अक्षर लावून वाचत. "चित्रकार... सुकलाल..." इथे ते थांबले. पुन्हा मागे जाऊन "चित्रकार" वाचलं. मला वाटलं, घेतील. मला मनातून वाटत होतं, घ्यावं. माझं खोटंही त्यात झाकलं गेलं असतं.

"हाऊ कागद कोरा कापडना शे का?" त्यांनी विचारलं.

"तसंच म्हणा," सचिव म्हणाले.

"कोरं कापड तं दुकानमा भेटस." नानांच्या आवाजात राग नव्हता, ते खरोखर सोय सुचवत होते. "मंग त्या दुकानदारलेच द्या ना. त्याना कडे ताग्याना तागा शेत."

त्यांनी कागद जपून टेबलावर ठेवला. "चित्रकार" या शब्दाखाली त्यांच्या अंगठ्याचा ओलसर ठसा राहिला. सचिवांनी फुंकर मारून तो वाळवला, आता काही दिसत नाही म्हणाले, आणि कागद कपाटात ठेवला. तो अजून तिथे असेल. दुसऱ्या दिवसापासून मंडळाच्या शिक्क्याशेजारी नानांचाही शिक्का असेल.

बाहेर येताच अक्कांचा तोल गेला. "पंचवीस वरीसमा एक शिक्का भेटना, तो बी टेबलवर ठी दिना! कितला डोकाना मानूस मन्हा नशिबमा!" असं म्हणत त्या सभागृहात शिरल्या आणि भिंतीवरचं कापड ओढायला हात वर केला. हात वरच राहिला.

कापडावर तांबूस रंगात एक बाई उठली होती. धुण्याच्या दगडावर वाकलेली, पाठमोरी. अंबाडा सुटायला आलेला, एक खांदा दुसऱ्यापेक्षा खाली, कण्याची कमान चोळीतूनही कळत होती. तिच्या हातात पिळा होता, आणि पिळ्यातल्या कापडावरही बारीक बारीक माणसं.

"ही कोन शे?" अक्कांनी विचारलं. त्यांना ठाऊक होतं.

"तू."

"मन्ही पाठ इतली वाकेल शे?"

"हा."

"मंग सांगं का नही कधी?"

"तेच तं सांगी ऱ्हायनू," नाना म्हणाले.

अक्कांनी कापड उतरवलं. घडी घालायला त्यांना नेहमीपेक्षा जास्त वेळ लागला. बसमध्ये त्यांनी ते मांडीवर धरलं होतं, आणि शेजारी बसलेल्या बाईची ओली पिशवी लागू नये म्हणून दोनदा सरकवलं. मी मागच्या सीटवरून नानांना सगळं सांगून टाकलं. परीक्षकांना काहीच दिसलं नव्हतं, मी खोटं बोलले, माझ्या तोंडातून शब्द निघाला नाही. नाना मागे वळले नाहीत. त्यांची पाठ थोडी हलली, ते नाकातल्या नाकात हसत असत तशी.

"आज तं निंघना ना शब्द," ते म्हणाले. "दोन दिन उशीर लागना. चीकले बी तितलाच लागस."

नंतर आठ दिवसांनी मी धुळ्याला यायला निघाले. निरोप घ्यायला नानांकडे गेले तेव्हा अक्का अंगणात नव्हत्या. नाना ओट्यावर बसून काडी तासत होते. गावात बातमी पोचली होती. डागवाल्याला मिळालेलं बक्षीस काढून घेतलं, असं आबा चौकात सांगत होते, गर्दीकडे तोंड करून. दोरीवर ते कापड वाळत होतं. साबणाने धुतलेलं, वरच्या काठाला चिमटे लावून ताणलेलं. रंग आता गडद झाला होता. मी नानांकडे बघितलं. त्यांनी खांदे उडवले, म्हणजे हे धुणं त्यांचं नव्हतं.

"तुमचं आता पुढे काय, नाना?" मी विचारलं. "अजून एक प्रदर्शन असतं, धुळ्याला. मी तिथेच असेन. अर्ज भरू का?"

"भर," ते म्हणाले. "पन या टायमाले तूच बोल. मी पेन धरसू."

एवढ्यात शेजाऱ्यांची शेळी कुंपणातून आत आली. दोरीपाशी गेली, मान उंचावली, आणि कापडाचं खालचं टोक तोंडात धरलं. केळीचा वास शेळीला आवडतो. मी उठणार, तोच घरातून अक्का लाटणं घेऊन धावत आल्या.

"हाड्! कोनी बकरी शे व ही? चित्र खाई जाई ना मन्हं!"

शेळी पळाली. अक्का कापडाचं टोक उलटसुलट करून बघत होत्या, फाटलं का, म्हणून. नानांची काडी हातातच थांबली होती.

"काय म्हनं तू?" त्यांनी विचारलं.

अक्का आमच्याकडे पाठ करून उभ्या होत्या. वळल्या नाहीत. त्यांनी चिमटा काढून पुन्हा घट्ट लावला.

"काही नही," त्या म्हणाल्या. "डाग म्हनं."

बसची वेळ झाली होती. मी फाटकातून मागे वळून बघितलं तेव्हा नाना अजून ओट्यावर बसले होते. काडी त्यांनी वळचणीला खोचली होती, आणि पहिल्यांदाच ते काहीही न करता नुसते बघत होते, दोरीकडे नाही, दोरीपाशी उभ्या असलेल्या पाठीकडे.